मुनिमाची बेरीज आणि मास्तरांची बेरीज

जिनिंगमधला मुनीम जी बेरीज दिवसभर करतो, तीच आठवीतल्या पोराने पेपरात केली तर त्याला भोपळा मिळतो. मी अकोल्यात शिकवण्या घ्यायचो तेव्हा हा भोपळा मीही बरीच वर्षं बिनदिक्कत वाटला. मग एका पोराने मला अडवलं. त्याने वहीत लिहिलं होतं: १/२ + १/३ = २/५. मी लाल पेनाने काट मारली. तो म्हणाला, "सर, वरचे वरचे मिळवले, खालचे खालचे मिळवले. जिनिंगवर माहे बाबा तं असंच करतात. त्यायचं कधी चुकत नाई."

त्याच्या बाबांचं खरंच चुकत नव्हतं.

जिनिंगमध्ये कापसातून सरकी वेगळी केली की रुई उरते. अमुक कापसामागे रुई किती पडली, याला उतारा म्हणतात, आणि तो साधारण एक-तृतीयांशाच्या आसपास असतो. समजा एका शेतकऱ्याचा ३० क्विंटल कापूस आला आणि त्यातून १० क्विंटल रुई निघाली. उतारा १०/३०. दुसऱ्याच्या ५० क्विंटलमधून १८ निघाली. उतारा १८/५०. दोन्ही मालांचा मिळून उतारा किती? मुनीम वरचे वरचे मिळवतो, २८. खालचे खालचे मिळवतो, ८०. २८/८० म्हणजे शेकडा ३५. अगदी बरोबर. इथे आठवीच्या पुस्तकातली शुद्ध बेरीज केली तर १/३ + ९/२५ = ५२/७५, म्हणजे शेकडा ६९. इतकी रुई देणारा कापूस अजून कुठल्या बोंडात पिकला नाही.

मग चुकतं कुठे? तर ज्याला आपण बेरीज म्हणतो तो हा हिशेब मुळात बेरीज नाहीच. दोन ढीग एकत्र करून नवा उतारा काढणं ही एका प्रकारची सरासरी आहे. पुरावा हवा असेल तर १०/३० ऐवजी त्याचं संक्षिप्त रूप १/३ घ्या आणि १८/५० ऐवजी ९/२५ घ्या. संख्या त्याच, फक्त अंगरखा बदलला. आता मुनिमाच्या पद्धतीने मिळवा: १०/२८, म्हणजे शेकडा ३५.७. उत्तर बदललं! संख्या न बदलता उत्तर बदलत असेल, तर आपण संख्यांची बेरीज करत नव्हतो; आपण ढिगांची, क्विंटलांची बेरीज करत होतो. मुनिमाला हे पक्कं ठाऊक असतं, म्हणून तो १०/३० ला कधी संक्षिप्त रूप देत नाही. पोराने मात्र १/२ आणि १/३ या निव्वळ संख्या घेतल्या, ज्यांच्या मागे कुठलाच ढीग नव्हता. आणि अर्ध्या भाकरीत आणखी तिसरा हिस्सा घातल्यावर हातात अर्ध्यापेक्षा कमी, दोन-पंचमांश भाकरी कशी उरेल, हे त्याने स्वतःच्या पोटाला विचारलं नाही.

अपूर्णांकाचा छेद हे माप असतं आणि अंश ही मोजणी. तीन-चतुर्थांश म्हणजे चौथाई या मापाचे तीन नग. दोन पायल्या आणि तीन किलो मिळून पाच होतात असं कोणी म्हणत नाही. पायलीचे किलो करावे लागतात, नाहीतर दोन्हींचे आणखी काहीतरी तिसरं. छेद समान करणं म्हणजे एवढंच. हे मराठी माणसाला शिकवायला लागू नये, कारण त्याच्या जिभेवर समान छेद आधीपासून बसलेला आहे: पाव, अर्धा, पाऊण, सव्वा, दीड. हे सगळे चौथाईच्या मापातले, आणि छेदाचं नाव न घेता आपण भाजीवाल्यापाशी त्यांची बेरीज करतो. पाऊण आणि अर्धा, सव्वा. आमच्या आजोबांच्या पिढीला शाळेत पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी आणि औटकी पाठ असायची. औट म्हणजे साडेतीन. साडेतीनचा पाढा कशाला, असं आज वाटतं. पण ज्याला तो येई त्याला बाजारात कोणी फसवू शकत नसे.

चौथाईचं माप कमी पडलं तिथे रुपयाच कामाला आला. जुना रुपया १६ आण्यांचा, आणा १२ पैंचा, म्हणजे रुपयाचे १९२ पै. हा आकडा मला फार हुशार वाटतो. तीन भावांत एक रुपया वाटायचा तर प्रत्येकी ६४ पै, म्हणजे ५ आणे ४ पै, बरोब्बर. आजच्या १०० पैशांत तिघांची वाटणी होत नाही, एक पैसा उरतो आणि भांडण उरतं. आता १/३ + १/४ जुन्या रुपयात करून पाहा. तिसरा हिस्सा ६४ पै, चौथा ४८ पै. मिळून ११२ पै, म्हणजे ९ आणे ४ पै. ११२/१९२ ला १६ ने भागलं की ७/१२. ज्या कुणा बाईने हे पैंत केलं तिने लसावि हा शब्द ऐकलेला नसेल, पण तिने समान छेद काढला होता. उलट पाचवा हिस्सा काढायचा तर १९२ अडतात आणि १०० सहज २० देतात. कुठला छेद सोयीचा हे वाटेकरी किती यावर ठरतं.

१ एप्रिल १९५७ ला दशमान नाणी आली आणि एका आण्याचे सव्वासहा नवे पैसे झाले. सव्वासहा! पाव पैशाचं नाणं तर कुठेच नव्हतं. नाणी गेली तरी वऱ्हाडात आणे राहिले. पीक किती, तर "बारा आणे". सोळा आणे म्हणजे भरघोस. सरकारी कागदावर आता पैसेवारी असते, आणि दुष्काळी सवलतींसाठी ती पन्नासच्या आत आली की बाहेर राहिली, यावर अख्ख्या गावाचा जीव टांगलेला असतो. गावातली म्हातारी माणसं मात्र आजही तिला आणेवारीच म्हणतात. छेद १६ वरून १०० झाला, शेत तेच.

समान छेदाची ही युक्ती जुनीच आहे, पण त्यातली बारकी काटकसर कोणाच्या लक्षात आधी आली हे सांगण्यासारखं आहे. छेदांचा सरसकट गुणाकार केला तर समान छेद मिळतोच, मात्र तो अनेकदा उगाच अवाढव्य होतो. इ.स. ८५० च्या सुमारास राष्ट्रकूट राजा अमोघवर्षाच्या काळात महावीराचार्यांनी 'गणितसारसंग्रह' लिहिला, आणि त्यात लहानात लहान समान छेदाला नाव दिलं: निरुद्ध. आपला लसावि तो हाच. त्या काळी वऱ्हाडही राष्ट्रकूटांच्याच सत्तेखाली होतं, तेव्हा लसाविवर आपला थोडा हक्क सांगायला हरकत नाही.

तीनशे वर्षांनी, ११५० मध्ये, भास्कराचार्यांची 'लीलावती' आली. चाळीसगावजवळच्या पाटणला त्यांच्या नातवाने, चांगदेवाने, भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढला, त्याचा शिलालेख आहे. लीलावतीत एक कमळांचं उदाहरण येतं. कमळांच्या राशीतला तिसरा भाग शंकराला, पाचवा विष्णूला, सहावा सूर्याला, चौथा देवीला वाहिला आणि उरलेली सहा गुरूच्या पायी ठेवली; तर कमळं किती? छेद सगळे गुणले तर ३ × ५ × ६ × ४ = ३६०. निरुद्ध काढला तर ६०. साठाव्या भागांत मोजा: २० + १२ + १० + १५ = ५७. उरले ३/६०, म्हणजे विसावा भाग. तो सहा कमळांचा, म्हणून एकूण १२०. मला यातली गंमत अशी वाटते की गुरूच्या वाट्याला सर्वात लहान हिस्सा आला आणि उत्तराची किल्ली नेमकी त्याच्याच हातात राहिली.

आतापर्यंत छेद माहीत होते. आता मापच अज्ञात असेल तर?

त्यासाठी अमरावतीहून अकोल्याला येणाऱ्या राष्ट्रीय महामार्ग ५३ वर जाऊ. जून २०२२ मध्ये या रस्त्याने गिनेस बुकात नाव नोंदवलं. अमरावती जिल्ह्यातल्या लोणीपासून अकोला जिल्ह्यातल्या मान्यापर्यंतच्या टप्प्यात ३ जूनला सकाळी ७.२७ ला डांबरीकरण सुरू झालं ते ७ जूनला संध्याकाळी ५ ला थांबलं. मध्ये खंड नाही. १०५ तास ३३ मिनिटांत ७५ किलोमीटर. याआधीचा विक्रम कतारमधला, २५.२७५ किलोमीटरचा. ७५ ला १०५.५५ ने भागलं तर तासाला सुमारे ७११ मीटर येतात, म्हणजे मिनिटाला बारा मीटरच्या किंचित आत. डांबर ओतणाऱ्या यंत्राच्या मागे माणूस सहज चालू शकेल असा वेग, फक्त तो माणूस साडेचार दिवस न थांबता चालायला हवा. तेव्हा चहाच्या टपरीवर एक वाद ऐकला होता: लोणी ते माना ७५ किलोमीटर आहेच कुठे? मुद्दा बरोबर होता. ७५ किलोमीटर हे एका मार्गिकेचं माप. दोन मार्गिकांच्या रस्त्याच्या मापात तेच काम ३७.५ किलोमीटर होतं. वाद घालणाऱ्यांना कल्पना नव्हती, पण ते छेदावरच भांडत होते.

आता या रस्त्यावर आपली काल्पनिक यंत्रं उतरवू. एक नवं यंत्र एक किलोमीटर क्ष तासांत करतं. जुन्या यंत्राला तेवढ्याच कामाला एक तास जास्त लागतो, म्हणजे क्ष + १ तास. दोन्ही एकदम चालली तर तासाला किती काम? नव्याचं १/क्ष, जुन्याचं १/(क्ष + १). मापं वेगळी आहेत आणि ती नेमकी केवढी हे माहीत नाही. तरी अडत नाही. पहिल्याला (क्ष + १) ने वर-खाली गुणायचं, दुसऱ्याला क्ष ने:

१/क्ष + १/(क्ष + १) = (क्ष + १ + क्ष) / क्ष(क्ष + १) = (२क्ष + १) / क्ष(क्ष + १)

वर-खाली एकाच राशीने गुणणं म्हणजे रुपयाची मोड घेणं. रुपया रुपयाच राहतो, नाणी बदलतात. उत्तर बरोबर आहे का हे पाहायला मास्तर लागत नाही. क्षच्या जागी २ टाका. डावीकडे १/२ + १/३ = ५/६. उजवीकडे (४ + १)/(२ × ३) = ५/६. जमलं. बीजगणितात स्वतःचं उत्तर स्वतः तपासण्याची ही फुकटची सोय आहे आणि मुलं तिचा वापर का करत नाहीत हे मला अजून कळलेलं नाही. जो पोरगा १/क्ष + १/(क्ष + १) = २/(२क्ष + १) लिहितो, त्याने एकदा क्ष = २ टाकून पाहिलं की २/५ समोर येतो, आणि मग जुनी ओळख पटते.

दुसरं उदाहरण अमरावतीहून अकोल्याला जाऊन परतणाऱ्या एसटीचं. अंतर सोयीसाठी ९० किलोमीटर धरू. जाताना ताशी क्ष वेग, परतताना रस्त्याचं काम निघाल्यामुळे ताशी १५ कमी. एकूण वेळ:

९०/क्ष + ९०/(क्ष − १५) = ९०(२क्ष − १५) / क्ष(क्ष − १५)

क्ष = ४५ असेल तर जायला २ तास, यायला ३. सूत्रात टाकलं तरी ९० × ७५ भागिले ४५ × ३०, म्हणजे ५ तास. एकूण १८० किलोमीटर ५ तासांत, सरासरी ताशी ३६. पण वर्गात विचारा, दहातले आठ जण ४५ आणि ३० ची सरासरी काढून साडेसदतीस म्हणतील. हळू चालताना आपण रस्त्यावर जास्त वेळ असतो, म्हणून सरासरी हळूकडे झुकते. हे मुनिमाच्या उताऱ्यासारखंच प्रकरण आहे. ढीग सारखे नसतील तर साधी सरासरी फसवते, आणि इथे ढीग तासांचे आहेत.

आणि क्ष = १५ असेल तर? परतीचा वेग शून्य. गाडी अकोल्याच्या स्टँडवरून हललेलीच नाही आणि आपण तिला विचारतोय की अमरावतीला किती वाजता पोचशील. पुस्तकात बारीक अक्षरात "जेथे क्ष ≠ १५" असं लिहिलेलं असतं ते याच उभ्या गाडीसाठी. मुलं ती ओळ शोभेची समजतात.

इथवर छेदांचा नुसता गुणाकार पुरला, कारण क्ष आणि क्ष + १ यांच्यात सामाईक असं काही नव्हतं. पण हे पाहा:

१/(क्ष − २) − ४/(क्ष² − ४)

घाईचा मार्ग म्हणजे छेद (क्ष − २)(क्ष² − ४) घेणं. वर येतं क्ष² − ४ − ४क्ष + ८, म्हणजे क्ष² − ४क्ष + ४, आणि खाली तिसऱ्या घाताची राशी. इथे बहुतेक जण पेन ठेवतात. चुकीचं काहीच झालेलं नाही, पण कमळांसाठी ६० पुरत असताना ३६० घेतल्यासारखं झालं. आधी छेदांचे अवयव पाडले असते तर दिसलं असतं की क्ष² − ४ = (क्ष − २)(क्ष + २). पहिला छेद दुसऱ्याच्या पोटातच बसलेला आहे. निरुद्ध क्ष² − ४ हाच. फक्त पहिल्याला (क्ष + २) ने गुणायचं:

(क्ष + २ − ४) / (क्ष − २)(क्ष + २) = (क्ष − २) / (क्ष − २)(क्ष + २) = १/(क्ष + २)

क्ष = ३ टाका: १ − ४/५ = १/५. उजवीकडेही १/५. आठवीच्या पुस्तकात अवयव पाडण्याचा धडा आधी येतो तो याचसाठी. पोरांना मात्र तो सुटा छळ वाटतो.

वरच्या ओळीत मी (क्ष − २) वरून आणि खालून छाटला. ही छाटाछाट म्हणजे खरी खाई. शिकवणीत मी जेवढ्या चुका पाहिल्या त्यातल्या अर्ध्या बेरजेच्या नव्हत्या, छाटण्याच्या होत्या. (क्ष + ६)/६ दिसलं की हात शिवशिवतात: वरचा ६ गेला, खालचा ६ गेला, उरला क्ष. क्ष = ६ टाकला तर खरं उत्तर १२/६ = २, आणि छाटणाऱ्याचं ६. का? घरात सहा भाऊ आहेत. खळ्यावर क्ष पोती तूर आणि ६ पोती ज्वारी पडली आहे. वाटणी करायची तर तूरही सहांत आणि ज्वारीही सहांत. प्रत्येकाला क्ष/६ पोतं तूर आणि एक पोतं ज्वारी. ज्याने सहाला सहा छाटला त्याने ज्वारी गायब केली आणि सगळी तूर एका भावाच्या घरात टाकली. असं झालं तर प्रकरण कोर्टात जातं. हेच वर ६क्ष असतं, म्हणजे सहा सहा पोत्यांचे क्ष ढीग, तर खुशाल छाटा. प्रत्येक भावाला प्रत्येक ढिगातून एक पोतं. गुणाकारात जोडलेलं छाटता येतं, बेरजेत शेजारी बसलेलं नाही.

आणि छाटल्यावरही एक गोष्ट मागे राहते. १/(क्ष + २) मध्ये क्ष = २ टाकला तर १/४ मिळतो, निमूटपणे. पण मूळ प्रश्नात क्ष = २ टाकला तर दोन्ही छेद शून्य होतात. सरळ रूप दिल्यावर भोक बुजलं असं वाटतं, ते बुजलेलं नसतं; प्रश्नाने जे नाकारलं ते उत्तराने परत देऊ नये. "क्ष २ नाही" ही ओळ शेवटपर्यंत सोबत न्यावी लागते.

वजाबाकीच्या कंसाचं दुखणं वेगळंच, त्यावर मी इथे थांबत नाही; वजाचं चिन्ह अख्ख्या अंशाला लागतं एवढं भिंतीवर लिहून ठेवा.

त्यापेक्षा एक उलटी गोष्ट दाखवतो. दोन यंत्रांच्या गणितात मिळवण्याऐवजी वजा करा: १/क्ष − १/(क्ष + १). वर (क्ष + १) − क्ष, म्हणजे फक्त १ उरतो. उत्तर १/क्ष(क्ष + १). आता हे उजवीकडून डावीकडे वाचा: १/६ म्हणजे १/२ − १/३. १/१२ म्हणजे १/३ − १/४. जोडलेला अपूर्णांक पुन्हा दोन तुकड्यांत फुटतो.

ज्या पोराने मला जिनिंगवरून अडवलं होतं, त्याला मी पुढे कधीतरी हे गणित दिलं:

१/२ + १/६ + १/१२ + १/२० + १/३० + १/४२ + १/५६ + १/७२ + १/९०

तोवर तो लसावि काढायला पक्का शिकला होता. वही आडवी धरून त्याने नऊ छेदांचे अवयव पाडले, समान छेद काढला २५२०, आणि एकेक अंश मांडत बसला. वीसेक मिनिटांनी २२६८/२५२० आला. मग त्याला भाग देत देत ९/१०. उत्तर बरोबर होतं. मी त्याच्याच वहीच्या खालच्या कोपऱ्यात लिहिलं: १ − १/२, मग + १/२ − १/३, मग + १/३ − १/४. पुढचं त्याने माझ्या हातातून पेन घेऊन लिहिलं आणि एकेक जोडी खोडत गेला. शेवटी १ आणि − १/१० एवढेच उरले.

तो खोडलेल्या ओळीकडे पाहत राहिला. मग म्हणाला, "म्हंजे सर, छेद जुळवाचं कामच नोतं?"